राक्षसी आवाजातला दशावतार

गोरेगावातल्या कोकणी मंडळींना दशावतारी खेळ काही नवा नाही. राक्षस आरोळी ठोकत आला की पोरं आईला बिलगतात, आणि मोठी माणसं खुशीत हसतात. पण तसाच गुरगुरता आवाज पोराच्या मोबाइलमधून आला, तर मात्र आपण म्हणतो, पोरगं बिघडलं!

या संगीताला मेटल म्हणतात. मूळ इंग्लंडातलं, तिथल्या बर्मिंगहॅमच्या ब्लॅक सॅबथची पहिली तबकडी १९७० साली निघाली. मुंबईत साहिल मखिजा यांनी २००० साली ‘डिमॉनिक रिझरेक्शन’ हा बँड उभा केला. गाणी इंग्रजी, विषय दैत्यांचे. २००५ आणि २०१० च्या संग्रहांच्या तर नावांतही अंधारच. आणि २०१७ साली काय काढलं? ‘दशावतार’! मत्स्यापासून कल्कीपर्यंत दहा अवतार, दहा गाणी.

आता तो आवाज. गुरुजी, नुसतं ओरडून तो निघत नाही. स्वरतंतूंच्या वर आणखी दोन घड्या असतात; श्वासाच्या बळावर त्या थरथरवाव्या लागतात. त्याला रियाज हवा, नाहीतर घसा बसलाच! (हेच मखिजा ‘हेडबँगर्स किचन’ या कार्यक्रमात स्वयंपाकही शिकवतात, बरं का.)

वर्गात कोणी हे ऐकणारा असेल, तर त्याला नरसिंहाचं गाणं लावायला सांगा. हिरण्यकश्यपूची गोष्ट तुम्ही सांगा.