एलएसटी-३२५ : रणगाडे वाहणारी, माणसं वाचवणारी

बंदर नसेल तिथे रणगाडे उतरवायचे कसे? दुसऱ्या महायुद्धात दोस्त राष्ट्रांनी यावर काढलेला तोडगा म्हणजे सपाट बुडाचं, १०० मीटर लांबीचं 'एलएसटी' जहाज. किनारा जवळ आला की ते मागचा नांगर टाकी आणि नाक थेट वाळूत घुसवी. पुढचे दोन दरवाजे उघडत, उतरंड खाली येई आणि पोटातले रणगाडे बाहेर पडत. परतताना त्याच नांगराचा दोर गुंडाळत जहाज स्वतःला मागे ओढून घेई.

फिलाडेल्फियात बांधलेलं एलएसटी-३२५ फेब्रुवारी १९४३मध्ये अमेरिकी नौदलात दाखल झालं. इटलीतल्या सिसिली आणि सालेर्नो इथल्या चढायांनंतर, जून १९४४मध्ये ते नॉर्मंडीच्या ओमाहा किनाऱ्यासमोर उभं राहिलं. पुढचे कित्येक महिने इंग्लिश खाडीत त्याच्या चाळीसहून अधिक फेऱ्या झाल्या. जाताना वाहनं, येताना जखमी सैनिक.

त्याची सर्वांत मोठी कामगिरी मात्र हल्ल्याची नाही, बचावाची आहे. २८ डिसेंबर १९४४ रोजी 'एम्पायर जॅव्हेलिन' हे सैनिकवाहू जहाज फ्रान्सकडे जाताना बुडालं, तेव्हा एलएसटी-३२५ने सुमारे ७०० जणांना वाचवलं.

१९६४मध्ये ते ग्रीसला मिळालं आणि 'सिरोस' नावाने १९९९पर्यंत राबलं. मग अमेरिकेतल्या म्हाताऱ्या नौसैनिकांनी ते परत मिळवलं. सरासरी सत्तरी ओलांडलेल्या या खलाशांनी ते क्रीटहून अटलांटिक पार करून जानेवारी २००१मध्ये अलाबामातल्या मोबिल बंदरात आणलं. या वयात असं धाडस करणाऱ्यांना मुजराच करायला हवा! आज ते इंडियानातल्या इव्हान्सव्हिल इथे संग्रहालय आहे आणि अजूनही स्वतःच्या इंजिनांवर चालतं.