तळ्याकाठचं जहाज

गोंदियाहून मुंबई रेल्वेने जवळजवळ हजार किलोमीटर. आम्हा कामठ्याकडच्या लोकांना पाणी म्हणजे मालगुजारी तलाव, बोड्या आणि ढिवरांचे डोंगे. दुसरं महायुद्ध आमच्या वेशीपाशी आलं ते बिरसीच्या धावपट्टीच्या रूपाने. इंग्रजांनी ती 1940 साली बांधली. त्याच युद्धाने पुण्याजवळ एका गोड्या पाण्याच्या काठी चक्क जहाज उभं केलं होतं. कुठेही न जाणारं.

खडकवासल्याच्या जलाशयाच्या उत्तर काठावर तेव्हा सैन्यदलांचं संयुक्त प्रशिक्षण केंद्र होतं. समुद्रातून शत्रूच्या किनाऱ्यावर कसं उतरायचं, ते शिपायांना शिकवण्यासाठी तिथे 'एचएमएस अँगोस्टुरा' नावाचं नकली जहाज होतं. ऐकून हसू येतं. पण अशा मोहिमेतलं निम्मं काम समुद्र दिसण्याआधीच सुरू होतं. जहाजाच्या उंच कडेवरून दोरखंडाच्या जाळीवर पाय टाकत, पाठीवर ओझं आणि बंदूक घेऊन खाली हलणाऱ्या होडीत उतरायचं. पाय चुकला की होडी आणि जहाज यांच्यामध्ये माणूस चिरडायचा. सामान भरण्याची रीतही उलटी: काठावर जे सगळ्यात आधी लागणार, ते सगळ्यात शेवटी चढवायचं. हे अंगवळणी पडायला खारं पाणी लागत नाही.

कल्पना आपल्याला नवी नव्हतीच. फेब्रुवारी 1665 मध्ये शिवाजी महाराज मालवणहून 85 गलबतं आणि तीन मोठी जहाजं घेऊन निघाले, बसरूर लुटलं आणि परतताना गोकर्णाला उतरून पुढची वाट जमिनीवरून धरली. आरमार आणि पायदळ एकाच मोहिमेत गुंफायचं, ही अक्कल त्यात होती.

ब्रिटिशांना ती महागात शिकावी लागली. 1915 मध्ये गॅलिपोलीला आणि ऑगस्ट 1942 मध्ये दिएपला किनाऱ्यावर उतरण्याचे बेत फसले. संयुक्त मोहिमांचे प्रमुख राहिलेले माउंटबॅटन 1943 मध्ये आग्नेय आशियाचे सरसेनापती झाले, तेव्हा त्यांच्याकडे आराखडे भरपूर होते. उतरणीच्या होड्या मात्र युरोपकडे गेल्या. अखेर 3 जानेवारी 1945 ला फौजा ब्रह्मदेशातल्या अक्याबला उतरल्या, तर जपानी आधीच निघून गेलेले. त्याच महिन्यात रामरी बेटावर आणि मे महिन्यात रंगूनला उतरली ती आपली 26 वी हिंदी डिव्हिजन. सप्टेंबरमध्ये मलायाच्या मोरिब किनाऱ्यावर उतरताना गाड्या मऊ वाळू-चिखलात रुतल्या. जपानने महिनाभर आधीच शरणागती पत्करली होती, म्हणून निभावलं.

इथेच तळ्याची मर्यादा उघडी पडते. जलाशयाला भरती-ओहोटी नाही, सरकणारे वाळूचे दांडे नाहीत. आमच्याकडचा ढिवर डोंग्यातून उतरण्याआधी बांबू टोचून तळ चाचपतो. डिसेंबर 1971 मध्ये, बांगलादेश युद्धात, कॉक्स बझारजवळ गुरखा जवान उतरवताना नेमका तोच तपास कमी पडला. जहाज वाळूच्या दांड्याला टेकलं आणि दांडा व किनारा यांच्यामधल्या खोल पाण्यात काही जवान बुडाले. माझ्या मते अशा मोहिमांच्या शास्त्रातलं सगळ्यात महाग पान हे शेवटच्या शंभर फुटांचं आहे. ते खडकवासल्याला लिहिता येणार नव्हतं.

तरीही त्या नकली जहाजाच्या ठोकळ्याने एक मोठं काम केलं. स्वातंत्र्यानंतर तिन्ही दलांच्या प्रबोधिनीसाठी जागा शोधताना खडकवासल्याच्या बाजूने जे मुद्दे होते, त्यांत जलाशय आणि डोंगर तर होतेच. जुनं प्रशिक्षण केंद्र आणि वापरात नसलेलं ते नकली जहाजही होतं. 6 ऑक्टोबर 1949 ला पंडित नेहरूंनी कोनशिला बसवली. किनाऱ्यावरच्या संयुक्त मोहिमांचा भारतीय सिद्धान्तग्रंथ लोकांसमोर यायला मात्र ऑगस्ट 2025 उजाडला. खडकवासल्याच्या पाण्यात, पिकॉक बे नावाच्या खाचेत, कॅडेट आजही होड्या चालवायला शिकतात.