तारपकऱ्याची कारकीर्द कशी मोजायची?

तारपा हे फुंकवाद्य वाजवणाऱ्या तारपकऱ्याच्या कारकिर्दीला सालवार नोंद नसते. जव्हार तालुक्यातील वाळवंड्याचे भिकल्या लाडक्या धिंडा यांना 2026चा पद्मश्री जाहीर झाला, तो नव्वदी ओलांडल्यावर. पोरवयापासून वाजवणे, भाताच्या हंगामात रात्री जागवणे आणि स्वतःच्या हातांनी तारपे घडवणे, एवढ्यात ही कारकीर्द सांगून होते. हरसूलपासून मोखाडा-जव्हारपर्यंतच्या डोंगरपट्ट्यात वारली, कोकणा आणि महादेव कोळी वस्त्यांत हे वाद्य पिढ्यान्‌पिढ्या वाजत आले. नाशिक आणि पालघर जिल्ह्यांची हद्द त्याच्या आड कधी आली नाही.

वाळवून पोकळ केलेला लांबट दुधी भोपळा, त्यात बसवलेल्या बांबूच्या दोन नळ्या, नळ्यांच्या तोंडाशी कापलेल्या बारीक जिभा, सांधे बुजवायला मेण आणि टोकाला ताडाच्या पानांचा कर्णा, असा हा सगळा रानातला आणि परसातला माल. भोपळ्यात हवा साठते. वाजवणारा गालांत हवा धरून नाकाने श्वास घेतो, त्यामुळे सूर तुटत नाही. नाचाचा फेर चालू असताना तो तुटून चालतही नाही. जड, घुमणारा, त्याच त्या फेऱ्याने परतणारा हा सूर नाचणाऱ्यांच्या पायांना धरून ठेवतो. तारपकऱ्याने चाळा (वादनाची चाल) बदलला की पावले बदलतात. हातातली काठी आपटत पुढे चालणारा म्होरक्याही त्याच्याच सुराकडे कान लावून असतो. वारली चित्रांतला फेर तारपकऱ्याभोवती फिरताना दिसतो, त्याचे कारण हेच.

नाचणाऱ्यांना धरून ठेवण्याचे हे काम पाश्चात्त्य बँडमध्ये बास गिटारवाला करतो. त्यांतलाच एक, ब्रिटिश वादक पॉल रेवन, 1982मध्ये ‘किलिंग जोक’ या पोस्ट-पंक बँडमध्ये आला. पुढे ‘प्राँग’ आणि ‘मिनिस्ट्री’ या बँडांत इंडस्ट्रियल वळणाचे संगीत वाजवत राहिला आणि 2007मध्ये, वयाच्या 46व्या वर्षी गेला. त्याने वाजवलेले अल्बम सालवार सांगता येतात: ‘नाइट टाइम’ 1985चा, ‘क्लेन्झिंग’ 1994चा, ‘द लास्ट सकर’ 2007चा. बास मागे उभा राहून वाजवला, तरी अल्बमांमुळे त्याची कारकीर्द ओळीने वाचता येते. धिंडा यांच्या पिढीच्या तारपकऱ्यांचे वादन मात्र फेराच्या अंगणातच राहिले.

पद्मश्रीने नाव दिल्लीपर्यंत पोहोचले, हे फार चांगले झाले. पण एकट्या सन्मानाने वाद्य टिकत नाही. आता तारपा 9 ऑगस्टच्या आदिवासी दिनाच्या मिरवणुकीत, शाळांच्या संमेलनांत आणि पाहुण्यांच्या स्वागताला वाजतो. तिथे काही मिनिटांत कार्यक्रम आटोपतो. एका चाळ्यातून दुसऱ्यात जाण्याचे, दमलेल्या फेराला पुन्हा उठवण्याचे कसब तेवढ्या वेळात दिसतच नाही. नव्या पोरांनी ते शिकायचे तर रात्रभराचा नाच व्हायला हवा आणि तो पूर्ण ध्वनिमुद्रित व्हायला हवा: चाळ्याचे नाव, वाजवणाऱ्याचे गाव, तो कोणाकडून शिकला, कोणता चाळा कशानंतर येतो, हे सगळे लिहून. सोबत भोपळा कसा निवडतात, जीभ कशी कापतात, हेही त्याच माणसाच्या हातांसह चित्रित करावे, कारण जुन्या तारपकऱ्यांत वाजवणारा आणि घडवणारा बहुधा एकच असतो.