‘रिफिफी’ : नि:शब्द दरोड्यामागची गोष्ट

तिजोरीफोडीचे प्रसंग पडद्यावर शेकड्यांनी झाले. तरीही या चित्रप्रकाराचा विषय निघाला की जाणकार हमखास १९५५ सालच्या ‘रिफिफी’ या कृष्णधवल फ्रेंच चित्रपटाकडे वळतात. त्यातील दरोड्याचा प्रसंग जवळजवळ अर्ध्या तासाचा आहे आणि एवढ्या वेळात ना कोणी बोलते, ना पार्श्वसंगीत वाजते. सुमारे दोन तासांच्या चित्रपटाचा हा चौथा हिस्सा. चित्रपटात मौनाला इतके मोल का, हे दिग्दर्शकाच्या आयुष्याकडे पाहिल्यावर अधिक उलगडते.

ज्यूल्स डासिन हे मूळचे अमेरिकी. ‘द नेकेड सिटी’ (१९४८) या चित्रपटाने त्यांचे नाव झाले होते. मात्र पूर्वी ते कम्युनिस्ट पक्षाचे सदस्य होते. १९५१ मध्ये अमेरिकी काँग्रेसच्या चौकशी समितीपुढे एडवर्ड डिमिट्रिक आणि फ्रँक टटल या दिग्दर्शकांनी त्यांचे नाव घेतले आणि हॉलिवूडची दारे त्यांना बंद झाली. युरोपातही हा ससेमिरा सुटला नाही. एका फ्रेंच चित्रपटाचे चित्रीकरण सुरू होण्याच्या बेतात असताना अमेरिकेतून आलेल्या दडपणामुळे त्यांना दूर करण्यात आले. काही वर्षांच्या बेकारीनंतर हाती आला तो ‘रिफिफी’.

ऑग्यूस्त ल ब्रेताँ यांची मूळ कादंबरी पॅरिसच्या गुन्हेगारी जगाच्या बोलीत लिहिलेली. डासिन यांना ती बोली समजेना आणि जे समजले ते रुचेना. त्यांनी कादंबरीतील बीभत्स भाग गाळला आणि तिच्यात दुय्यम असलेला दरोडा केंद्रस्थानी आणला. पुस्तकातील थोडक्या पानांचा प्रसंग पडद्यावर असा विस्तारला.

हा दरोडा म्हणजे कारागिरांचे काम वाटते. चौघेजण जवाहिऱ्याच्या पेढीवरच्या घरात शिरतात आणि तिथली जमीन फोडू लागतात. भोक पडताच त्यातून मिटलेली छत्री खाली सोडून उघडतात, म्हणजे गिलाव्याचे तुकडे तिच्यातच पडावेत. धोक्याच्या घंटेत अग्निशामक नळकांड्यातला फेस भरून तिचा आवाज दाबतात. त्याचा सराव त्यांनी तशीच घंटा आणून आधीच केलेला असतो. बारीकशा आवाजानेही घात होईल, हे ठाऊक असल्याने प्रेक्षकही श्वास रोखून बसतो. संगीतकार जॉर्ज ओरिक यांनी या प्रसंगासाठी संगीत रचले होते. डासिन यांनी त्यांना तो संगीतासह आणि संगीताविना असा दोन्ही प्रकारे दाखवला. तेव्हा संगीत काढून टाकावे, असे खुद्द ओरिक यांनीच सांगितले.

दरोडा यशस्वी होतो. घात होतो तो तोंड उघडल्याने. नायक टोनी हा साथीदाराचे नाव न घेता पाच वर्षे तुरुंगात राहून आलेला. मारिओ आणि त्याची पत्नी प्रतिस्पर्धी टोळीपुढे मौन सोडत नाहीत आणि जीव गमावतात. त्यांचे नाव भीतीपोटी फोडणारा असतो तिजोरीतज्ज्ञ सेझार. टोनीचा त्याच्यावर राग नाही, लोभच आहे. तरीही फितुरीला क्षमा नाही, या टोळीच्या नियमापुढे तो सेझारला गोळी घालतो.

या सेझारची भूमिका डासिन यांनीच ‘पेर्लो व्हिता’ या नावाने केली. ठरलेला नट मिळू न शकल्याने ती त्यांच्याकडे आली होती. मात्र सेझारच्या मृत्यूचा प्रसंग करताना आपल्याला दगा दिलेले मित्र मनात होते, असे त्यांनी पुढे मुलाखतीत सांगितले. ज्यांची नावे इतरांनी घेतली त्यांपैकी एकाने पडद्यावर नाव घेणाऱ्याचे भय स्वत: जगून दाखवले. त्यामुळेच सेझार खलपुरुष वाटत नाही, कीव यावी असा माणूस वाटतो.

१९५५ च्या कान महोत्सवात डासिन यांना दिग्दर्शनाचा पुरस्कार विभागून मिळाला. अमेरिकेत प्रदर्शनाची वेळ आली तेव्हा अट घालण्यात आली, की आपल्या पूर्वायुष्याबद्दल त्यांनी जाहीर पश्चात्ताप व्यक्त करावा, अन्यथा श्रेयनामावलीतून त्यांचे नाव वगळले जाईल. डासिन यांनी नकार दिला. अखेर ‘युनायटेड आर्टिस्ट्स’ने निराळी नामधारी कंपनी पुढे करून चित्रपट त्यांच्या नावासह प्रदर्शित केला.

२००८ मध्ये अथेन्स येथे डासिन यांचे निधन झाले. पुढच्या पिढ्यांच्या दरोडापटांनी ‘रिफिफी’तील युक्त्या भरभरून उचलल्या. त्यातले मौन मात्र फार थोड्यांना पेलले.