विश्लेषण : सौदाचिठ्ठी हाती आहे, पण सौदा झाला हे सिद्ध कसे करणार?

केळी-हळदीची बागायत आणि नांदेडहून यवतमाळकडे जाणारा महामार्ग, या दोन कारणांनी अर्धापूर परिसरात जमिनीला गिऱ्हाईक नेहमी असते. व्यवहाराची रीत मात्र जुनीच आहे. चार माणसांत भाव ठरतो, बाँडवर सौदाचिठ्ठी होते, इसार हातात पडतो आणि खरेदीखत ‘पीक निघाल्यावर’ करायचे ठरते. मधल्या काळात भाव वाढला किंवा भावाभावांत वाटणी निघाली, की लिहून देणारा म्हणतो, ‘सही माझी नाही.’ किंवा म्हणतो, ‘सही माझीच, पण ते पैसे व्याजाने घेतले होते.’ ही दोन उत्तरे म्हणजे न्यायालयात दोन वेगळे खटले.

‘सही माझी नाही’ म्हटले तर सिद्ध कोणी करायचे?

सौदा झाला असे म्हणणाऱ्याने, म्हणजे वादीने. तमिळनाडूतील एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २००८ मध्ये हे नेमके सांगितले. तिथे करार १९८० चा, पण एक मुद्रांक १९७३ मध्ये आणि दुसरा १९७८ मध्ये विकत घेतलेला होता. जुन्या मुद्रांकावर लिहिल्याने करार आपोआप रद्द होत नाही, कारण सहा महिन्यांची मुदत मुद्रांकाचे पैसे परत मिळवण्यासाठी आहे. संशयाला मात्र जागा राहते. करारावरचा अंगठा पुसट होता. असा ठसा न्यायाधीशांनी तज्ज्ञाच्या मदतीविना स्वतःच जुळवून पाहणे धोक्याचे, असेही न्यायालयाने म्हटले. चिठ्ठी बनावट असल्याचे प्रतिवादीने सिद्ध करावे ही अपेक्षाच चुकीची ठरली आणि वादी हरला.

साठेखताला साक्षीदार असलेच पाहिजेत असे कायदा म्हणत नाही. पण सही नाकारली गेली की साक्षीदार, चिठ्ठी लिहिणारा आणि मुद्रांक विक्रेत्याची नोंदवही यांवरच भिस्त राहते. साक्षीदार वारला असेल किंवा फिरला असेल तर हस्ताक्षरतज्ज्ञाचा अहवाल उपयोगी पडतो, मात्र तो केवळ मत असतो. शिवाय वादीने स्वतः साक्षीच्या पिंजऱ्यात उभे राहून उलटतपासणीला तोंड दिले पाहिजे. जो पक्षकार आपली बाजू शपथेवर मांडत नाही, त्याची बाजू खरी नसावी असा अर्थ न्यायालय काढू शकते. सर्वोच्च न्यायालयाचा १९९९ चा हा निकाल महाराष्ट्रातल्याच जमिनीच्या वादातला आहे. मुलाला मुखत्यारपत्र देऊन घरी बसणाऱ्या वडीलधाऱ्यांनी हे लक्षात ठेवलेले बरे.

‘ते कर्ज होते’ हा बचाव टिकतो का?

टिकू शकतो. लेखी कराराविरुद्ध तोंडी पुरावा चालत नाही, असे वकिलाकडून पहिल्याच भेटीत ऐकायला मिळते. ते अर्धेच खरे आहे. महाराष्ट्रातल्याच एका प्रकरणात कर्जापोटी नावापुरते विक्रीखत आणि सोबत भाडेचिठ्ठी करून दिलेली होती. कागद केवळ दिखाव्याचा होता, मूळ व्यवहार वेगळाच होता, हे दाखवण्यासाठी तोंडी पुरावा देता येतो, असे सर्वोच्च न्यायालयाने १९८१ मध्ये ठरवले. अशा वेळी न्यायालय कागदाच्या आजूबाजूचे पाहते. भाव बाजारापेक्षा फारच कमी का? ताबा लिहून देणाऱ्याकडेच कसा? दरमहा ठरावीक रक्कम कशाची जात होती?

इथे शेतकऱ्याला दिवाणी दाव्याखेरीज दुसराही मार्ग आहे. महाराष्ट्र सावकारी (नियमन) अधिनियम, २०१४ नुसार सावकारीच्या ओघात जमीन गेली असेल तर १५ वर्षांच्या आतील व्यवहाराबाबत जिल्हा निबंधकांकडे अर्ज करता येतो. चौकशीत तथ्य आढळल्यास जमीन परत देण्याचा आदेश होऊ शकतो.

करार सिद्ध झाला म्हणजे जमीन मिळाली?

नाही, आणि बहुतेक वादी इथेच गाफील राहतात. साठेखताने जमिनीत मालकी येत नाही. करार पूर्ण करून मागायचा तर आपण सुरुवातीपासून उरलेली रक्कम देण्यास तयार आणि इच्छुक होतो, हे वादीने दाखवावे लागते. विनिर्दिष्ट अनुतोष कायद्यातील २०१८ च्या दुरुस्तीने न्यायालयाची स्वेच्छाधिकाराची मोकळीक कमी केली, ही अट कायम ठेवली. खात्यातील शिल्लक, मंजूर कर्ज, वेळेत पाठवलेली नोटीस, ठरल्या दिवशी दुय्यम निबंधक कार्यालयात हजर राहिल्याचा पुरावा हे कामी येते. दाव्याची मुदत ३ वर्षे. ती खरेदीखताच्या ठरलेल्या तारखेपासून मोजतात. तारीख ठरली नसेल तर नकार कळल्यापासून.

रोखीचे काय?

जमीन व्यवहारात २० हजार किंवा त्याहून अधिक आगाऊ रक्कम रोखीने स्वीकारण्यास आयकर कायद्याने जून २०१५ पासून मनाई आहे. दाव्यात २ लाख किंवा त्याहून अधिक रोख दिल्याचे म्हटले असेल तर न्यायालयाने ते आयकर विभागाला कळवावे, असे सर्वोच्च न्यायालयाने एप्रिल २०२५ मध्ये बंगळूरुच्या एका प्रकरणात सांगितले. ७५ लाख रोख दिल्याचा दावा त्यात होता.

नोंदणी नसलेले साठेखत करारपूर्तीच्या दाव्यात पुरावा म्हणून चालते. कमी मुद्रांकाचे चालत नाही. चिठ्ठीत ‘ताबा दिला’ एवढे दोन शब्द असले तरी खरेदीखताइतके मुद्रांक शुल्क लागते. तूट आणि दरमहा २ टक्के दंड भरल्याशिवाय कागद वाचला जात नाही. जमीन इनामी किंवा वर्ग-२ ची असेल तर परवानगीचा प्रश्न वेगळा.

दावा लावताना दोन गोष्टी राहू नयेत : इसार परत मिळण्याची पर्यायी मागणी, आणि वाद प्रलंबित असल्याच्या नोटिशीची दुय्यम निबंधकाकडे नोंद. नोंद नसेल तर दरम्यान जमीन घेणारा तिसरा माणूस ‘मला माहीतच नव्हते’ म्हणून उभा राहतो.