अर्ध्याच राहिलेल्या गप्पा

'स्क्रॅप टाक गं!' असं आजच्या एखाद्या मुलीला म्हणून बघा, ती नुसती बघत राहील. पण मैत्रिणींनो, २००६-०७ च्या सुमारास तासाचे पैसे मोजून आपण सायबर कॅफेत बसायचो ना, त्या सगळ्यांना 'ऑर्कुट' आठवत असेल.

गूगलमधल्या ऑर्कुट ब्युयुक्कोक्तेन या तुर्की इंजिनिअरने जानेवारी २००४ मध्ये ते सुरू केलं. नावही त्याचंच. सुरुवातीला कुणी आमंत्रण दिल्याशिवाय आत शिरता यायचं नाही. ब्राझीलने आणि आपण भारतीयांनी तर ते अगदी डोक्यावर घेतलं. आपलं प्रोफाइल कोण बघून गेलं, तेही तिथे कळायचं. (स्थळ बघायला येण्याआधी मुलाकडचे तिथे डोकावून जायचे, हे आमच्या गावात सर्वांना ठाऊक!)

लग्नं झाली आणि आम्ही मैत्रिणी पांगलो. फोनचं बिल वाढलं की घरात विषय निघायचा. माझ्या एका जिवलग मैत्रिणीने मात्र दर रविवारी स्क्रॅप टाकायचा नेम धरला होता. सासूबाईंचे टोमणे, फसलेली नानकटाई, लेकीचं पहिलं पाऊल, सगळं मराठीतच, पण इंग्रजी अक्षरांत. २०११ मध्ये ती आजारपणात गेली. लेक तेव्हा चार वर्षांची होती.

३० सप्टेंबर २०१४ ला ऑर्कुट बंद झालं. आपापलं लिखाण उतरवून घ्यायला सप्टेंबर २०१६ पर्यंत मुदत होती. मी तिचे सगळे स्क्रॅप छापून आणले. पण ऑर्कुटची गंमत अशी, की (गंमत कसली म्हणा!) आपण दिलेलं उत्तर आपल्या पानावर राहायचंच नाही, ते समोरचीच्या स्क्रॅपबुकात जायचं. म्हणजे तिचं बोलणं माझ्याकडे आणि माझं तिच्याकडे. तिचा पासवर्ड घरात कुणालाच माहीत नव्हता.

गेल्या दिवाळीत तिची लेक आली, तेव्हा ती फाइल तिच्या हातात दिली. पोरगी इंग्रजी अक्षरांतलं मराठी अडखळत, हसत मोठ्याने वाचत होती. मध्येच म्हणाली, "मावशी, इथे आई म्हणतेय, 'वेडी आहेस का, अजिबात करू नकोस!' काय करणार होतीस तू?"

खूप आठवून पाहिलं, नाहीच आठवलं.

पुढच्या पानावर तिचंच नाव होतं. त्या दिवशी ती पहिल्यांदा स्वतःच्या हाताने वरणभात जेवली होती आणि अर्धा भिंतीलाही भरवला होता. ते पान तिने तीनदा वाचलं.

फाइल आता तिच्याकडेच आहे. दोन-दोन स्क्रॅपांच्या मध्ये तिने कोरे कागद लावलेत. म्हणते, "तुला आठवेल तसं भर."