दिसत नाहीत, फक्त ऐकू येतात

भीमाशंकरच्या अरण्यालगतचे कोंढवळ हे आंबेगाव तालुक्यातील लहानसे गाव. जुन्नर-आंबेगावचा हा पश्चिम पट्टा शहरी वाचकाला ठाऊक असतो तो बहुधा हिरड्यामुळे किंवा पावसाळी सहलींमुळे. पुण्याच्या चित्रपट संस्थेत शिकलेल्या पायल कपाडिया यांनी मात्र येथे वेगळेच काही ऐकले. ‘अँड व्हॉट इज द समर सेइंग’ हा त्यांचा २३ मिनिटांचा लघु-माहितीपट २०१८ मध्ये बर्लिन महोत्सवाच्या लघुपट विभागात दाखविला गेला.

त्याला रूढ अर्थाने कथानक नाही. नामदेव वडिलांकडून मिळालेल्या रानाच्या ज्ञानावर जगतो आणि झाडांच्या शेंड्यांकडे पाहत मध शोधतो. गावावर दुपार उतरते. जमिनीतून गूढ धूर निघतो. अशात गावातील स्त्रिया हरवलेल्या प्रेमाविषयी कुजबुजतात. त्या दिसत नाहीत, फक्त ऐकू येतात.

माहितीपटात बोलणाऱ्याचा चेहरा समोर असावा, असा संकेत आहे. येथे तो मोडला आहे. दृश्यात रोजचे जगणे आणि ध्वनीत अपुरी ओढ, अशी ही विभागणी आहे. चित्रपटाला स्वप्नाचा पोत येतो तो त्यातूनच. ही केवळ शैलीची हौस नव्हे. सारे एकमेकांना ओळखतात अशा गावात विवाहितेने जुन्या प्रेमाचा उच्चार करणे म्हणजे बदनामीला निमंत्रण. चेहरा झाकला की शब्द मोकळा होतो.

मराठी मनाला ही रीत परकी नाही. पहाटेच्या अंधारात दळता दळता बायकांनी मनातले जात्यालाच सांगितले. हेमा राईरकर आणि गी पॉइतवाँ यांच्या प्रयत्नांतून अशा लाखाहून अधिक ओव्यांचा संग्रह झाला. तेथेही हात रोजच्या कामात आणि सूर मनातल्या दुखण्यात असे.

कपाडियांनी हा धागा पुढेही सोडला नाही. ‘अ नाइट ऑफ नोइंग नथिंग’मध्ये (२०२१) एका विद्यार्थिनीची प्रेमपत्रे ऐकू येतात, पण ती समोर येत नाही. २०२४ मध्ये कान महोत्सवात ‘ग्राँ प्री’ मिळविणाऱ्या ‘ऑल वी इमॅजिन अॅज लाइट’ची सुरुवातही मुंबईत पोटासाठी आलेल्या अनामिकांच्या आवाजांनी होते. जगाने या दिग्दर्शिकेची दखल घेतली. तिच्या या रीतीचे एक आरंभीचे रूप आंबेगावच्या रानात, नाव न सांगणाऱ्या स्त्रियांच्या कुजबुजीत सापडते.